थॉमस सोवेल : वंश, संस्कृती आणि बाजार – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

थॉमस सोवेल हे नाव मराठीत हल्ली कानावर येतं ते बहुतेक आरक्षणाच्या वादात, आणि तेही दोन ओळींच्या उताऱ्यातून. कुणी ते ढालीसारखं पुढे करतं, कुणी नुसतं नाव ऐकूनच विषय बंद करतं. दोन समाजांच्या उत्पन्नात फरक का पडतो, हा एकच प्रश्न या माणसाने पन्नास वर्षं वेगवेगळ्या देशांत नेऊन तपासला, आणि तो प्रश्न आपल्यालाही फार उपयोगाचा आहे. त्यांची सगळी उत्तरं मला पटत नाहीत. कुठे पटत नाहीत, हेही खाली लिहिलं आहे.

हे सोवेल कोण?

अमेरिकेतले कृष्णवर्णीय अर्थशास्त्रज्ञ. जन्म ३० जून १९३०, नॉर्थ कॅरोलिना राज्यातल्या गॅस्टोनिया या कापडगिरण्यांच्या गावात. वडील जन्माआधीच वारले. आई लोकांच्या घरी कामाला जायची आणि पदरात आधीच चार मुलं होती, त्यामुळे नात्यातल्या एका आजीने त्यांना दत्तक घेतलं. आठ-नऊ वर्षांचे असताना कुटुंब न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीत आलं. स्टायव्हसंट या नावाजलेल्या सरकारी शाळेत प्रवेश मिळाला, पण घरची ओढाताण आणि भांडणं यांत शाळा अर्धवट सुटली. मग यंत्रशाळेत काम, तारा पोचवण्याचं काम, आणि कोरियन युद्धाच्या काळात मरीन दलात छायाचित्रकार. माजी सैनिकांना मिळणाऱ्या शिक्षणाच्या सवलतीवर ते पुन्हा शिकायला लागले. हॉवर्ड या मुख्यतः काळ्यांच्या विद्यापीठात रात्रीचे वर्ग केले, १९५८ साली हार्वर्डची पदवी घेतली, १९५९ साली कोलंबियाची एम.ए. आणि १९६८ साली शिकागोची डॉक्टरेट. कोलंबिया म्हणजे तेच विद्यापीठ जिथे बाबासाहेब १९१३ ते १९१६ शिकले.

कॉर्नेल, ब्रँडाइस, लॉस एंजेलिसचं कॅलिफोर्निया विद्यापीठ अशा ठिकाणी शिकवून १९८० पासून ते स्टॅनफर्डच्या हूवर इन्स्टिट्यूशन या संशोधन संस्थेत आहेत.

त्यांचं मुख्य म्हणणं एका वाक्यात सांगता येईल का?

दोन समाजांच्या उत्पन्नात फरक दिसला की लगेच "भेदभाव" किंवा लगेच "रक्त" असं म्हणू नका. आधी वय, भूगोल, कसब, स्थलांतराचा इतिहास आणि कायद्याने कुणाला कसली किंमत मोजावी लागते, हे बघा.

ते तरुणपणी मार्क्सवादी होते ना? मग बदलले कसे?

होते, आणि वयाच्या तिशीपर्यंत होते. शिकागोत मिल्टन फ्रीडमन या खुल्या बाजाराच्या पुरस्कर्त्या अर्थशास्त्रज्ञाच्या वर्गात बसूनही ते मार्क्सवादीच राहिले, असं त्यांनी स्वतःच सांगितलं आहे. बदल झाला तो एका सरकारी कचेरीत.

१९६० च्या उन्हाळ्यात ते अमेरिकेच्या कामगार खात्यात लागले होते. काम होतं पोर्टो रिको बेटावरच्या साखर उद्योगाचं. किमान वेतन वाढत होतं आणि साखरेतल्या नोकऱ्या कमी होत होत्या. याची दोन कारणं सांगितली जात. एक, मजुरी महाग झाली म्हणून माणसं कमी घेतली. दुसरं, वादळांनी ऊस झोपवला म्हणून कामच उरलं नाही. सोवेल यांनी डोकं चालवलं आणि सुचवलं की वादळ येण्याआधी शेतात उभा ऊस किती होता याचे आकडे मिळाले, तर दोन्हींतलं खरं काय ते ठरवता येईल. त्यांना वाटलं, वरिष्ठ पाठ थोपटतील. वरिष्ठांचे चेहरे उतरले. किमान वेतनाचा कायदा राबवणं हाच त्या खात्याच्या कामाचा मोठा भाग होता, आणि त्या कायद्याने मजुराचं भलं होतं की नुकसान हे कुणाला नक्की जाणून घ्यायचंच नव्हतं.

सरकारी यंत्रणेचं स्वतःचं हित असतं आणि ते नेहमी गरिबाच्या हिताशी जुळतंच असं नाही, हे तिथे त्यांना कळलं. पुढच्या सगळ्या लेखनात ही कचेरी कुठे ना कुठे आहे.

"भेदभावाची किंमत" म्हणजे नेमकं काय?

कल्पना मुळात अर्थशास्त्रज्ञ गॅरी बेकर यांची, १९५७ सालची. मालकाला एखाद्या वंशाची माणसं आवडत नाहीत म्हणून त्याने त्यांच्यातला चांगला कारागीर नाकारला, तर तोच कारागीर शेजारच्या कारखान्याला कमी पैशांत मिळतो. म्हणजे पूर्वग्रह पाळायला मालकाच्या खिशातून पैसे जातात. सोवेल यांनी हा धागा धरून जगभरची उदाहरणं गोळा केली आणि एक प्रश्न सतत लावून धरला: ही किंमत मोजतो कोण? स्वतःच्या खिशातून मोजावी लागत असेल तर माणूस हात आखडता घेतो. दुसऱ्याच्या, करदात्याच्या किंवा मक्तेदारीच्या जिवावर चालत असेल, तर पूर्वग्रह फुकट पाळता येतो.

सगळ्यात चांगलं उदाहरण ट्रामचं. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी आणि विसाव्याच्या सुरुवातीला अमेरिकेच्या दक्षिणेतल्या शहरांत गोऱ्या-काळ्यांना वेगळं बसवण्याचे कायदे झाले. ट्राम कंपन्या खाजगी होत्या, त्यांचे मालक गोरे होते आणि वंशाबद्दलची त्यांची मतं काही उदार नव्हती. तरीही अनेक कंपन्यांनी या कायद्यांना विरोध केला, काहींनी ते पाळण्यात चालढकल केली. कारण साधं होतं. वेगळे डबे किंवा वेगळे भाग म्हणजे जादा खर्च, आणि काळी गिऱ्हाइकं रागावून चालत जायला लागली तर तिकिटाचे पैसे गेले. १८९६ च्या प्रसिद्ध प्लेसी खटल्यात, जिथे वेगळ्या डब्यांचा कायदा सर्वोच्च न्यायालयाने उचलून धरला, तो कायदा मोडून दाखवण्याच्या योजनेला रेल्वे कंपनीचीच साथ होती.

दुसरं उदाहरण दक्षिण आफ्रिकेचं. १९२२ साली जोहान्सबर्गच्या आसपासच्या सोन्याच्या खाणमालकांनी महाग गोऱ्या कामगारांच्या काही जागांवर स्वस्तातले काळे कामगार आणायचं ठरवलं. गोऱ्या कामगारांनी बंड केलं. त्यांच्या फलकावरची घोषणा होती, "जगातल्या कामगारांनो, एक व्हा आणि गोऱ्या दक्षिण आफ्रिकेसाठी लढा." सरकारने विमानं आणि तोफा आणून बंड मोडलं. पण दोनच वर्षांत ते सरकार निवडणुकीत पडलं आणि १९२६ साली कुशल कामं गोऱ्यांसाठी राखणारा कायदा आला. नफ्यासाठी खाणमालक वर्णभेद मोडायला निघाले होते, आणि मतपेटीने तो पुन्हा बांधून दिला. दीर्घकाळ डाव्यांनी वर्णभेदाला भांडवलशाहीचं अपत्य म्हटलं. या घटनेपुढे ते विधान तपासून घ्यावं लागतं.

म्हणजे बाजारावर सोडलं की भेदभाव आपोआप संपतो?

सोवेल असं सरसकट म्हणत नाहीत. ते म्हणतात, भेदभाव महाग होतो. पण त्यांच्या वाचकांपैकी बरेच जण "महाग" वरून थेट "संपतो" वर उडी मारतात, आणि माझा मतभेद इथे सुरू होतो.

त्यांच्या जन्मगावाचाच धंदा घ्या. दक्षिणेतल्या कापडगिरण्यांत यंत्रांवरचं काम कित्येक दशकं जवळजवळ फक्त गोऱ्यांचं होतं. काळ्यांच्या वाट्याला आवारातली झाडलोट, गासड्या उचलणं अशी कामं. गिरण्या खाजगी, स्पर्धा कडक, मजूर स्वस्तात हवेच होते. साउथ कॅरोलिनात तर १९१५ चा कायदाच होता की गोऱ्या-काळ्यांनी गिरणीच्या एका खोलीत काम करायचं नाही; तेव्हा सोवेल यांची बाजू घेणारा म्हणेल, बघा, इथेही कायदाच आड आला. मान्य. पण पुढचं बघा. जेम्स हेकमन आणि ब्रुक पेनर या अभ्यासकांनी १९८९ साली त्या राज्यातल्या गिरण्यांचे आकडे तपासले. काळ्या कामगारांचं प्रमाण वर्षानुवर्षं तळाशी चिकटलेलं आणि १९६५ च्या सुमारास रेषा एकदम उभी चढते. नोकरीत वंशभेदाला बंदी घालणारा १९६४ चा नागरी हक्कांचा कायदा आणि सरकारी कंत्राटांवरच्या अटी आल्या तो हा काळ. मजुरांची टंचाई होती हेही खरं, पण टंचाई आधीही येऊन गेली होती. मालकांना काळे कामगार परवडत होते. गोऱ्या कामगारांचा रोष ओढवून घेण्याचं धैर्य मात्र नव्हतं. कायद्याने ते निमित्त पुरवलं.

मराठी वाचकाला हे ओळखीचं वाटेल. मुंबईच्या गिरण्यांत साचेखात्यात, म्हणजे विणकामाच्या मागांवर, पगार बरा असायचा, पण अस्पृश्य कामगारांना तिथे मज्जाव होता. कांडी संपली की धोट्याच्या भोकातून नवा धागा तोंडाने ओढून घ्यावा लागे. तोच धोटा नंतर दुसरा विणकर तोंडाला लावणार, म्हणून सवर्ण विणकरांनी दलितांना साच्यांजवळ येऊ दिलं नाही. १९२८ च्या मोठ्या संपात डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न लावून धरला: सगळ्या खात्यांत कामाचा हक्क ही मागणी संपाच्या यादीत घालत नसाल, तर आमच्या माणसांनी तुमच्या संपात का यावं? मागणी नाइलाजाने यादीत आली. आणि मालकांनी उत्तर दिलं की हा अन्याय असेल तर तो काही आम्ही केलेला नाही.

एका अर्थी ते खरंच होतं, आणि सोवेल यांच्या मांडणीला ते उत्तर पोषकच आहे: मज्जाव मालकाने केला नव्हता, सोबतच्या कामगारांनी केला होता. पण याच उत्तरातून मांडणीची मर्यादाही दिसते. पूर्वग्रह जेव्हा सगळ्या खात्याचा असतो, तेव्हा एकट्या मालकाला तो मोडणं पाळण्यापेक्षा महाग पडतं. संप होईल, साचे बंद पडतील. बाजाराचा हिशेब उलटा फिरतो आणि भेदभाव हाच स्वस्त पर्याय ठरतो.

किमान वेतनाला त्यांचा एवढा विरोध का?

कारण त्यांच्या मते ते वेतन अननुभवी माणसाची पहिली पायरी काढून घेतं, आणि पूर्वग्रह पाळणं मालकाला स्वस्त करून देतं. दारात गरजेपेक्षा जास्त उमेदवार उभे असतील तर कातडीचा रंग बघून निवडायला काही खर्च येत नाही. ते वारंवार १९४८ चा आकडा देतात: १६-१७ वर्षांच्या मुलांमध्ये बेकारी काळ्यांत ९.४ टक्के, गोऱ्यांत १०.२ टक्के. म्हणजे जवळपास सारखी. त्या वेळी किमान वेतनाचा कायदा कागदावर होता, पण महागाईने तो निकामी झाला होता. १९५० पासून वेतन वाढवत नेलं आणि पुढच्या दशकांत काळ्या मुलांची बेकारी गोऱ्यांच्या दुपटीवर गेली.

आकडा विचार करायला लावणारा आहे. पण याच काळात दक्षिणेतली शेतमजुरी यंत्रांनी संपवली आणि लाखो काळी कुटुंबं उत्तरेच्या शहरांत आली, याचाही हिशेब धरायला हवा. सगळं खापर एका कायद्यावर फोडता येत नाही.

"संस्कृती" या शब्दाने त्यांना काय म्हणायचं आहे?

सण, पेहराव, देवधर्म नव्हे. माणूस एका देशातून दुसऱ्या देशात जाताना बरोबर नेतो ती कामाची कसबं, सवयी आणि विश्वासाची जाळी. १९९४ चं ‘रेस अँड कल्चर’, १९९६ चं ‘मायग्रेशन्स अँड कल्चर्स’ आणि १९९८ चं ‘काँक्वेस्ट्स अँड कल्चर्स’ ही तीन पुस्तकं यावरच आहेत. जर्मन लोक अमेरिकेत, ब्राझीलमध्ये, ऑस्ट्रेलियात कुठेही गेले तरी बिअर आणि पियानो बनवत राहिले. आग्नेय आशियात चिनी, पश्चिम आफ्रिकेत लेबनानी, पूर्व आफ्रिकेत गुजराती, पूर्व युरोपात ज्यू: देश वेगळे, धर्म वेगळे, धंदा एकच, किरकोळ दुकानदारी आणि उधारी. आणि नशीबही एकच, आजूबाजूच्यांचा राग. १९७२ साली इदी अमीनने युगांडातल्या आशियाई लोकांना ९० दिवसांत देश सोडायला लावला. दुकानं स्थानिकांच्या हाती आली, पण माल आणणारी, उधार देणारी, हिशेब ठेवणारी साखळी तुटली आणि अर्थव्यवस्था कोसळली.

सोवेल म्हणतात, शेतकऱ्याचे कष्ट दिसतात, दुकानदाराने पत्करलेली जोखीम दिसत नाही. म्हणून त्याचा नफा लूट वाटतो. बरोबर आहे, पण इथेही आपल्याकडचा इतिहास थांबून बघायला सांगतो. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी मारवाडी-गुजराती सावकारांवर हल्ला केला, तेव्हा त्यांना मुख्यतः हवी होती ती कर्जरोख्यांची कागदपत्रं. ती त्यांनी जाळली. हा परक्या धंदेवाल्याबद्दलचा राग होताच. पण कापसाची तेजी संपलेली, सरकारी सारा वाढलेला, आणि इंग्रजी कोर्टं अडाण्याच्या अंगठ्यावर जमिनीचा हुकूमनामा देत होती. सावकाराला ही ताकद बाजाराने दिली नव्हती, कोर्टाने दिली होती. किंमत कोण मोजतो हा सोवेल यांचाच प्रश्न इथे विचारला, तर उत्तर त्यांच्या नेहमीच्या उत्तराहून वेगळं येतं.

म्हणजे गरिबांच्या गरिबीला त्यांचीच संस्कृती जबाबदार?

हा त्यांच्यावरचा सगळ्यात मोठा आक्षेप आहे, आणि तो पूर्ण निराधार नाही. १९७० च्या जनगणनेचे आकडे घेऊन त्यांनी दाखवलं की वेस्ट इंडीजहून आलेल्या काळ्या कुटुंबांचं उत्पन्न अमेरिकेतल्या मूळच्या काळ्यांपेक्षा बरंच जास्त होतं. रंग तोच, गुलामीचा भूतकाळ तोच, मग फरक कशाचा? टीकाकारांचं उत्तर असं की देश सोडून येणारे मुळातच निवडक असतात. जमैकात मागे राहिलेल्यांची तुलना कुणी केली? हे उत्तर मला वजनदार वाटतं. २००५ च्या पुस्तकात त्यांनी काळ्यांच्या वस्त्यांतल्या काही सवयी दक्षिणेतल्या गरीब गोऱ्यांकडून आल्या असं मांडलं, ते तर फारच सैल वाटतं.

पण याच प्रश्नावर त्यांनी केलेलं वॉशिंग्टनच्या डनबार शाळेचं काम मी कुणालाही वाचायला सांगेन. १८७० साली सुरू झालेली काळ्या मुलांची सरकारी शाळा. वर्ग भरगच्च, सोयी तुटपुंज्या, शहरात वंशभेद उघड. तरी तिथून पहिले काळे संघीय न्यायाधीश विल्यम हेस्टी, पहिले काळे कॅबिनेट मंत्री रॉबर्ट वीव्हर, रक्त साठवण्याच्या पद्धतीवर पायाभूत काम करणारे डॉ. चार्ल्स ड्रू निघाले. भेदभाव असतानाही हे घडलं, हा सोवेल यांचा मुद्दा. आणि शिकवत कोण होतं? विद्यापीठांनी दारं बंद केल्यामुळे शाळेत आलेले डॉक्टरेट झालेले काळे शिक्षक. म्हणजे शाळेच्या यशामागेही भेदभावच उभा होता. डनबारची कथा दोन्ही बाजूंना आपापल्या परीने अडचणीची आहे, म्हणून ती मोलाची.

आरक्षणाबद्दल, विशेषतः भारताबद्दल, ते काय लिहितात?

२००४ चं ‘अफर्मेटिव्ह अॅक्शन अराउंड द वर्ल्ड’ हे पुस्तक भारत, मलेशिया, श्रीलंका, नायजेरिया आणि अमेरिका यांच्यावर आहे. भारताच्या प्रकरणात अनुसूचित जातींबरोबर मुंबईतल्या मराठी माणसाला नोकऱ्यांत प्राधान्य देण्याच्या मागणीचीही चर्चा आहे. निष्कर्ष असे: तात्पुरती म्हणून आणलेली सवलत कायमची होते, नवे नवे गट तिच्यात शिरतात, लाभ त्या गटातल्या बऱ्या स्थितीतल्यांना आधी मिळतो, आणि दोन समाजांतलं वैर वाढतं. श्रीलंकेचं उदाहरण अंगावर येतं. १९५६ चा फक्त सिंहलीचा कायदा, सत्तरच्या दशकात विद्यापीठप्रवेशात तमिळ मुलांना जास्त गुणांची अट, आणि १९८३ पासून यादवी युद्ध.

पण श्रीलंकेत सवलत बहुसंख्याकांनी स्वतःसाठी घेतली होती. मलेशियातही तेच. शतकानुशतकं विहिरीपासून, शाळेपासून, साच्यापासून दूर ठेवलेल्या अल्पसंख्य समाजाला दिलेलं आरक्षण त्याच रांगेत उभं करणं मला चुकीचं वाटतं.

शिवाय नंतर आकडे आले आहेत. अश्विनी देशपांडे आणि थॉमस वाइसकॉफ या अर्थशास्त्रज्ञांनी भारतीय रेल्वेची १९८० ते २००२ ची माहिती तपासली. आरक्षणाने उत्पादकता घटल्याचा पुरावा सापडला नाही. अमरावती जिल्ह्यातून आलेले प्रा. सुखदेव थोरात आणि पॉल अॅटवेल यांनी २००७ साली प्रसिद्ध केलेला प्रयोग तर थेट बाजाराबद्दल आहे. वर्तमानपत्रातल्या खाजगी नोकऱ्यांच्या जाहिरातींना सारख्याच पात्रतेचे अर्ज पाठवले, बदल फक्त नावात. दलित नावाला पुढचं बोलावणं येण्याची शक्यता सवर्ण नावाच्या सुमारे दोन तृतीयांश, मुस्लिम नावाला सुमारे एक तृतीयांश. खाजगी कंपन्या, खुली स्पर्धा, आणि तरी हे. या मालकांनी पूर्वग्रहाची किंमत मोजली असेलही. ती त्यांना जाणवली नाही.

मग मालक नेहमी द्वेषापोटीच नाकारतो का?

नाही, आणि इथे सोवेल यांनी केलेला भेद खरोखर उपयोगी आहे. माणसाची पारख वैयक्तिक माहितीवरून करणं एक, माहिती मिळवणं महाग पडतं म्हणून गटावरून अंदाज बांधणं दुसरं, आणि निखळ द्वेष तिसरं. ते एका अभ्यासाचा दाखला देतात: उमेदवाराची गुन्ह्यांची नोंद तपासणाऱ्या कंपन्या न तपासणाऱ्यांपेक्षा काळ्या माणसांना जास्त प्रमाणात घेतात, कारण नोंद कोरी दिसली की अंदाजाची गरज उरत नाही. उपाय ठरवताना यातलं कुठलं कारण आहे हे माहीत हवंच. पण नाकारल्या गेलेल्याच्या घरी त्या महिन्याचा पगार तिन्ही कारणांनी सारखाच येत नाही.

वंश आणि जात एकच धरायचं का?

नाही. जातीत व्यवसायही जन्माने ठरलेला असतो, त्यामुळे "कसब बरोबर घेऊन जाणं" ही कल्पना इथे सरळ लागू पडत नाही. चामड्याचं कसब हातात होतं, पण त्याच कसबाने माणसाला अस्पृश्य ठरवलं.

सुरुवात कुठल्या पुस्तकापासून करावी?

अर्थशास्त्राची ओळख नसेल तर ‘बेसिक इकॉनॉमिक्स’, कारण त्यात आकडेमोड नाही आणि उदाहरणं भरपूर आहेत. या विषयासाठी १९८१ चं ‘एथ्निक अमेरिका’ मला सगळ्यात सरस वाटतं. आयरिश, ज्यू, इटालियन, जपानी अशा एकेका समाजाची हकीकत त्यात आहे आणि लेखक तोवर प्रत्येक पानावर वाद घालायला लागलेला नाही. २०१८ चं ‘डिस्क्रिमिनेशन अँड डिस्पॅरिटीज’ छोटं आहे, पण ते वाचताना थोरात-अॅटवेल यांचा निबंध शेजारी ठेवा. आणि १९२८ च्या संपाच्या काळातलं डॉ. आंबेडकरांचं ‘बहिष्कृत भारत’ हे पत्र मिळालं तर तेही काढून बघा. बाजार, कामगार आणि पूर्वग्रह यांचा हिशेब तिथे १९२८ सालीच मांडायला घेतलेला दिसेल.